तबकडीमागचा माणूस

आसिफाबादेहून राजुऱ्याकडे जाणारा रस्ता वांकिडीवरून जातो. निजामाच्या अमदानीत हा सारा मुलूख आदिलाबाद जिल्ह्यात मोडत असे. १९५६ साली राज्यांची पुनर्रचना झाली, तेव्हा राजुरा तालुका मुंबई राज्यात गेला आणि वांकिडी आंध्र प्रदेशात राहिली. पुढे २०१४ साली तेलंगण झाले, आणि २०१६ साली जुन्या आदिलाबादचे विभाजन होऊन आसिफाबादचा जिल्हा वेगळा झाला. कागदावरच्या रेघा अशा सरकत राहिल्या. परंतु येथल्या बाजारात मराठी, तेलुगू, गोंडी आणि कोलामी ह्या बोली पूर्वीप्रमाणेच एकमेकींत मिसळून कानी पडत राहिल्या. पुण्यामुंबईच्या रसिकाला हे गाव नकाशावर शोधावे लागेल. नाटक मंडळ्यांचे बिऱ्हाड ह्या रानपट्टीत कशाला उतरावे, आणि नामांकित गवयाची बैठक तरी येथे कोण भरविणार? तरीही बालगंधर्वांचे पद, अब्दुल करीम खाँसाहेबांची ठुमरी, हिराबाई बडोदेकरांचे भजन अशा आडगावी पोहोचले. ते पोहोचले लाखेच्या एका काळ्या तबकडीवर बसून, नागपूर-बल्लारशाच्या आगगाडीने आणि तेथून पुढे बैलगाडीने.

आमच्या घरात अशा काही तबकड्या अद्याप आहेत. त्यांतील एकीला कडेपासून आत बोटभर तडा गेला असून सुई तेथे आली की ठेका चुकावा तसा खट्‌ असा आवाज होतो. ती तबकडी आहे ना. घ. देशपांडे यांच्या ‘शीळ’ ह्या कवितेची, आणि गाणारे आहेत जी. एन. जोशी. लहानपणी आम्हांस वाटे की, जोशी म्हणजे एक गायक. त्याने गावे आणि आपण ऐकावे, इतकाच त्याचा व आपला संबंध. पुढे वाचनाच्या ओघात कळले की, घरातल्या इतर तबकड्यांपैकीही कित्येकींच्या मागे हाच मनुष्य उभा होता, आणि तबकडीच्या लेबलावर त्याचे नाव कोठेही नव्हते. जुन्या तबकडीवर गायकाचे नाव असे, रागाचे असे, कधी कवीचे व नाटकाचेही असे. ह्या गायकास बोलावून आणणारा, त्याची समजूत घालणारा, काय गावे व कोठे थांबावे हे ठरविणारा जो माणूस, त्याला त्या वर्तुळात जागा नव्हती.

पश्चिमेत ह्या माणसाला पुढे मोठा मान मिळाला. इंग्लंडात जॉर्ज मार्टिन यांनी १९६२ साली, दुसऱ्या कंपनीने परत पाठविलेल्या बीटल्स ह्या चार पोरांना पदरी घेतले आणि रॉक संगीताचा इतिहास त्यांच्या नावावाचून लिहिता येईनासा झाला. अमेरिकेत जॉन हॅमंड यांनी १९३३ च्या सुमारास बिली हॉलिडे हिला हेरले व १९६१ साली बॉब डिलनला कंपनीत आणले. आपल्याकडे ह्या व्यवसायाचा इतिहास लिहावयाचा झाला तर जोशींचे नाव पहिल्या ओळीत घालावे लागेल. पण त्यांच्याकडे वळण्यापूर्वी त्यांच्या पूर्वसूरीकडे एक दृष्टिक्षेप केला पाहिजे.

१९०२ च्या अखेरीस फ्रेड गाइसबर्ग नावाचा अमेरिकन तंत्रज्ञ लंडनच्या ग्रामोफोन कंपनीच्या वतीने कलकत्त्यास उतरला. त्याला आपली भाषा येत नव्हती, रागाची ओळख नव्हती, आणि ऐकण्यासाठी त्याला साहेबलोकांच्या ओळखीवर अवलंबून राहावे लागे. तरीही त्याचा कान पारखी होता. गौहरजानचा आवाज त्याने मुद्रित केला. गाणे संपता संपता ती इंग्रजीत स्वतःचे नाव उच्चारते, ते ऐकून आजचा श्रोता हसतो. परंतु त्यात तिचा तोरा थोडा आणि व्यवहार अधिक होता: मेणाचे साचे जर्मनीत हॅनोव्हर येथे जात, तेथील कारागिरांना कोणता आवाज कोणाचा हे दुसऱ्या मार्गाने कळणे कठीण होते. १९०८ साली कलकत्त्यात सियालदह येथे कारखाना निघाला आणि हा लांबचा प्रवास वाचला. तबकडीचा मुख्य कच्चा माल जी लाख, ती तर पळस, कुसुम, बोर अशा झाडांवर आपल्याच रानांतून निपजे. म्हणजे माल आपला, आवाज आपला. यंत्र आणि निवड मात्र परक्याची. ही निवड आपल्या माणसाच्या हाती येण्यास आणखी बराच काळ जावा लागला.

गोविंद नारायण जोशी यांचा जन्म १९०९ सालचा. नागपुरात शिकून ते वकील झाले. योगायोग असा की, ‘शीळ’चे कवी ना. घ. देशपांडे हेही १९०९ सालचेच आणि तेही वकीलच. बुलढाणा जिल्ह्यात मेहकर येथे त्यांनी वकिली केली. दोन वऱ्हाडी-नागपुरी वकिलांनी मिळून मराठीत एका नव्या गानप्रकाराला वाट करून दिली, असे म्हटले तर त्यात अतिशयोक्ती थोडीच. त्या काळी मराठी माणसाच्या कानी गाणे म्हणून जे पडे, ते बहुशः नाट्यपद, भजन वा लावणी. कविता वाचावयाची किंवा कविसंमेलनात चालीवर म्हणून दाखवावयाची. तिला स्वतंत्र चाल लावून, रागाचा आधार घेऊनही रागाच्या विस्ताराच्या आहारी न जाता, शब्दांचा भाव जपून गावयाचे, ही कल्पना नवी होती. १९३० नंतरच्या पहिल्या दोनतीन वर्षांत जोशींच्या आवाजात ‘शीळ’ची तबकडी निघाली आणि घरोघर वाजू लागली. मराठी भावगीताच्या तबकड्यांचा आरंभ रसिक तेथूनच धरतात. कवीचा ‘शीळ’ हा संग्रह पुस्तकरूपाने निघाला तो १९५४ साली! म्हणजे दोन तपांच्या आसपास ती कविता छापील संग्रहावाचून, निव्वळ आवाजाच्या बळावर महाराष्ट्रभर आणि महाराष्ट्राबाहेरही वावरली. आमच्याकडे तर ती तबकडी आली तेव्हा कवीचे नाव ठाऊक असलेला माणूस घरात एकही नव्हता.

त्याच सुमारास गंगूबाई हनगल ह्याही नव्यानेच ध्वनिमुद्रणास आल्या होत्या. तबकड्यांवर त्यांचे नाव ‘गांधारी’ असे छापले जाई. जोशींनी त्यांच्यासह मराठी द्वंद्वगीते गायिली. ख्यालगायनातील एवढी मोठी गायिका आरंभी भावगीतातून श्रोत्यांस परिचित झाली, ही गोष्ट आज पुष्कळांस नवल वाटण्यासारखी आहे. जोशींनी मात्र ते स्वतः कर्ण्यापुढे उभे राहून पाहिलेले होते. कोणता आवाज यंत्रातून उतरताना खुलतो व कोणता कोमेजतो, हे ज्ञान पुस्तकातून मिळत नाही.

१९३८ साली त्यांनी हिज मास्टर्स व्हॉइस कंपनीत मुंबईस नोकरी पत्करली आणि वकिलीचा झगा कायमचा खुंटीला टांगला. गाण्यासाठी वकिली सोडणे त्या काळच्या मध्यमवर्गीय मराठी घरात कसे घेतले जात असेल, त्याची कल्पना वाचकांनीच करावी. अधिक विचार करण्याजोगी गोष्ट अशी की, ही नोकरी गाण्याची नव्हती. ती दुसऱ्यांना गावयास लावण्याची होती. ज्याचा स्वतःचा आवाज लोकांनी उचलून धरला होता, तो काचेच्या पलीकडे जाऊन बसला. तीन दशकांहून अधिक काळ तो तेथे राहिला, आणि हळूहळू लोक त्याला गायक म्हणून कमी व कंपनीचा अधिकारी म्हणून अधिक ओळखू लागले. हा तोटा लहान नव्हे. त्यांच्या तबकड्या ऐकताना मला अनेकदा वाटते की, हा आवाज आणखी पंधरा वर्षे गाता राहिला असता तर भावगीताचे वळण कदाचित निराळे झाले असते.

१९३८ ह्याच सालच्या डिसेंबरात न्यूयॉर्कच्या कार्नेगी हॉलमध्ये जॉन हॅमंड यांनी कृष्णवर्णीयांच्या संगीताचा एक मोठा जलसा भरविला होता. त्यात गाण्यासाठी मिसिसिपीचा रॉबर्ट जॉन्सन नावाचा गायक त्यांना हवा होता. शोध करता कळले की, तो काही महिन्यांपूर्वीच, ऑगस्टात वारला. तेव्हा हॅमंड यांनी व्यासपीठावर फोनोग्राफ ठेवविला आणि जॉन्सनच्या दोन तबकड्या श्रोत्यांना ऐकविल्या. पुढे त्याच मूठभर तबकड्यांतून रॉक संगीताच्या एका पिढीने आपली मुळे शोधली. गुणी माणसाचा शोध घेणाऱ्याला नेहमी काळाशी शर्यत लावावी लागते, आणि ती पुष्कळदा हरावी लागते.

आपल्याकडे ही शर्यत आपण किती वेळा हरलो! भास्करबुवा बखले १९२२ साली गेले. ज्यांनी बालगंधर्वांना घडविले, त्यांचा स्वतःचा आवाज आज कोठेही ऐकावयास मिळत नाही. अल्लादिया खाँसाहेब १९४६ पर्यंत हयात होते, मुंबईतच वावरत होते, ध्वनिमुद्रणाची यंत्रे हाकेच्या अंतरावर होती. तरी त्यांचा एक सूरही तबकडीवर उतरला नाही. जयपूर-अत्रौली गायकीचे आपणांस जे दर्शन घडते ते त्यांच्या शिष्यांकरवी, आणि त्या शिष्यांत अग्रस्थानी असलेल्या दोघी गोमंतकाच्या कन्या होत. फोंडे महालातील केरीच्या केसरबाई आणि कुर्डीच्या मोगूबाई. मोगूबाईंचे कुर्डी हे गाव तर साळावली धरणाच्या पाण्याखाली गेले. उन्हाळ्यात पाणी ओसरले की काही दिवस त्याचे अवशेष डोके वर काढतात आणि जुने रहिवासी तेथे जमतात.

गवई तबकडीला का भीत? काहींची समजूत अशी की, यंत्र आवाज ओढून घेते. ही समजूत हसण्यावारी नेता येईल. परंतु दुसरी दोन कारणे हसण्यासारखी नव्हती. घराण्याची चीज म्हणजे पिढीजात ठेवा. तो एकदा तबकडीवर चढला की, गंडा न बांधता, सेवा न करता, कोणीही उचलावा. शिवाय बैठकीत गवई श्रोता पाहून गातो. तबकडी मात्र पानपट्टीच्या फळीवर, गिऱ्हाइकांच्या गडबडीत वाजणार. ज्याने आयुष्यभर आपल्या गाण्याचा मान राखला, त्याला हा विचार कसा रुचावा? आणि तिसरी अडचण वेळेची. ७८ फेऱ्यांच्या दहा इंची तबकडीच्या एका बाजूवर तीन-सव्वातीन मिनिटांचे गाणे मावे. जो यमन दीड तास मांडावयाचा, त्याची बढत तीन मिनिटांत काय करणार? त्यातून टेपचा काळ येण्यापूर्वी मुद्रण थेट मेणावर होई. शेवटच्या अर्ध्या मिनिटात तबलजीचा हात घसरला की सारा साचा वाया; पुन्हा पहिल्यापासून. अशा वेळी काचेपलीकडच्या माणसाचा शब्द गवयाने मानावा असे वाटत असेल, तर त्या माणसाला ‘येथे एक आवर्तन कमी करा’ असे गवयाच्याच भाषेत सांगता आले पाहिजे. केवळ हिशेबनीस किंवा केवळ तंत्रज्ञ तेथे चालत नाही. जोशी गायक होते, ह्याचा उपयोग तेथे झाला. आणि वकील होते, ह्याचाही झाला असावा.

तीन मिनिटांची ही अट म्हणजे निव्वळ अत्याचार होता, असे मात्र मी म्हणणार नाही. अब्दुल करीम खाँसाहेबांच्या १९३० नंतरच्या तबकड्या ऐका. तेथे एकही सूर उगाच लागलेला नाही. मोठ्या कलावंताला अडचणीतून आकार सुचतो. लहान कलावंताची मात्र त्यात घाई होते, ताना कोंबल्या जातात, आणि रागाचा जीव गुदमरतो. हा फरक ओळखून कोणाला ख्याल, कोणाला ठुमरी, कोणाला भजन द्यावयाचे हे ठरविणे, हेच ह्या व्यवसायातले खरे कसब.

केसरबाईंचीच गोष्ट पाहा. मुद्रणाबाबत त्या फार चोखंदळ. बैठकीतल्या कीर्तीच्या मानाने त्यांच्या तबकड्या अगदी थोड्या. त्यांपैकी भैरवीतली ‘जात कहाँ हो’ ही साडेतीन मिनिटांची तबकडी १९७७ साली अमेरिकेने सोडलेल्या व्हॉयेजर यानांवरच्या सोनेरी तबकडीत समाविष्ट झाली. २० ऑगस्ट व ५ सप्टेंबरला ती याने निघाली आणि १६ सप्टेंबरला केसरबाईंनी देह ठेवला. पहिले यान २०१२ साली सूर्याच्या प्रभावक्षेत्राबाहेर पडले. पानपट्टीच्या फळीची भीती बाळगणाऱ्या पिढीतले हे गाणे आज जेथे आहे, तेथे ऐकणारा कोणी नाही! गुरूचा आवाज पृथ्वीवरही उरला नाही आणि शिष्येचा ताऱ्यांच्या वाटेला लागला. ह्या दोन्हींमधले अंतर म्हणजे कोणीतरी एकदा केलेली, आणि शेवटी मानली गेलेली, एक विनंती.

दीर्घध्वनिमुद्रिका आली आणि हे सारे गणित बदलले. १९४८ साली अमेरिकेत निघालेली ही नवी तबकडी मिनिटाला सव्वातेहतीस-साडेतेहतीस फेऱ्यांच्या संथ गतीने फिरे व एका बाजूवर वीस मिनिटांहून अधिक गाणे देई. आता विलंबित ख्यालाला श्वास घेण्यापुरती जागा झाली. उस्ताद अमीर खाँ यांची मारवा व दरबारी ह्या रागांची दीर्घध्वनिमुद्रिका १९६० च्या सुमाराची. एका बाजूस एकच राग, संथ, अंतर्मुख, कोणाची वाहवा न मागणारा. जुन्या तबकडीच्या मापात हे गाणे मावलेच नसते. दुसरीकडे जोशींनी वाद्यांच्या जुगलबंद्या घडवून आणल्या. बिस्मिल्ला खाँ यांची शहनाई आणि विलायत खाँ यांची सतार एकत्र ऐकण्याचे भाग्य श्रोत्यांस त्यांच्यामुळे लाभले. दोन उस्तादांना एका गालिच्यावर बसविणे म्हणजे काय असते, हे ज्यांनी संगीत सभेची एकही व्यवस्था पाहिली आहे त्यांना सांगावयास नको. आधी कोणी यावे, तंबोरे कोणाच्या पट्टीत लावावे, नाव कोणाचे वर छापावे, येथपासून तंटा!

१९६७ साली जोशींच्या निर्मितीखाली ‘कॉल ऑफ द व्हॅली’ ही ध्वनिमुद्रिका निघाली. शिवकुमार शर्मा यांचे संतूर, हरिप्रसाद चौरसिया यांची बासरी, ब्रिजभूषण काब्रा यांची गिटार आणि तबल्यावर माणिकराव पोपटकर. काश्मीरच्या दरीतील धनगराचा एक दिवस, पहाटेपासून रात्रीपर्यंत, वेळेवेळेच्या रागांतून उभा करावयाचा, अशी तिची कल्पना. हे तिघे वादक तेव्हा ऐन उमेदीतले. संतूर मैफलीत बसविण्यावरून कुरबूर होती. गिटार तर परकेच वाद्य. अशा वेळी तीन सिद्ध सतारिये घेऊन बिनधोक काम करता आले असते. ते न करता ज्यांचे अद्याप पूर्ण व्हावयाचे आहे अशांना निवडणे, ह्यातच पारख्याचा पारखेपणा. माझे स्वतःचे मत विचाराल तर त्या कथानकाची काही गरज नव्हती. अहीरभैरवाला धनगराची सोबत नसती तरी सकाळ झालीच असती. ती गोष्ट परदेशी गिऱ्हाइकाच्या सोयीसाठी लावलेली साखर होय. परंतु साखर लागली म्हणून औषध खोटे ठरत नाही. ती ध्वनिमुद्रिका युरोप-अमेरिकेत घरोघर गेली, तेथल्या रॉक वादकांनी ती आवडीने ऐकली, आणि तिघाही वादकांची नावे त्यानंतर जगभर झाली.

पुढल्याच वर्षी, जानेवारी १९६८ मध्ये, बीटल्सपैकी जॉर्ज हॅरिसन स्वतः मुंबईस आला आणि कंपनीच्या फोर्टातील स्टुडिओत आपल्या ‘वंडरवॉल’ चित्रपटाच्या संगीताचे मुद्रण त्याने केले. त्यात संतुरावर शिवकुमार शर्मा होते. यंत्रसामग्री तुटपुंजी, दोन-पट्टी स्टीरिओ यंत्र भास्कर मेनन यांनी कलकत्त्याहून आणविले. हेच मेनन पुढे अमेरिकेत कॅपिटल कंपनीचे प्रमुख झाले आणि १९७३ साली पिंक फ्लॉइडची ध्वनिमुद्रिका तेथे त्यांनी खपविली. स्टुडिओच्या भिंती आवाज रोखण्यास पुरेशा नव्हत्या. सायंकाळी कचेऱ्या सुटल्या, माणसे जिन्यावरून धडधडत उतरू लागली, की मुद्रण थांबवावे लागे. आणि काही वादनांत रस्त्यावरच्या टॅक्सीही ऐकू येतात, असे हॅरिसनने सांगून ठेविले आहे. लंडनच्या सर्वोत्तम स्टुडिओची सवय असलेल्या त्या तरुणाला जे चार दिवस सोसावे लागले, तशाच मुंबईच्या गोंगाटात आपल्या कित्येक गवयांचे अजरामर म्हणविले जाणारे सूर टिपले गेले असतील. तेथे काम करणाऱ्यांचे कान किती तयार असावेत!

मुंबईच्या ह्याच ध्वनिमुद्रणाच्या जगात गोमंतकीयांचा वाटा केवढा होता, हे स्वतंत्र लेखाचे काम आहे. सेबॅस्टियन डिसोझा, अँथनी गोन्साल्विस यांसारख्या वादक-संयोजकांनी चित्रपटगीतांचे स्वरलेखन केले नसते तर त्या गीतांचा वाद्यमेळ उभाच राहिला नसता. त्यांची नावेही तबकडीच्या लेबलावर नसत.

जोशींनी आपल्या आठवणी पुस्तकरूपाने लिहिल्या. मराठीत ‘स्वरगंगेच्या तीरी’ आणि इंग्रजीत १९८४ साली ‘डाउन मेलडी लेन’. १९९४ साली ते वारले. त्या आठवणी वाचताना एक गोष्ट जाणवते: कलावंतांविषयी ते प्रेमाने लिहितात, त्यांचे रुसवेफुगवे रंगवून सांगतात, पण कंपनी आणि कलावंत यांच्यामधल्या पैशाच्या व्यवहाराकडे ते शेवटी कंपनीच्या माणसाच्याच नजरेने पाहतात. त्यात त्यांचा दोष काढण्याची माझी इच्छा नाही. तथापि ज्या गायकाने एकदा रक्कम घेऊन तबकडी दिली आणि ती पन्नास वर्षे खपत राहिली, त्याचा हिशेब अद्याप कोणी मांडलेला दिसत नाही. पारख्याला दोन धनी असतात, आणि दोघांचे हित दर वेळी एक नसते.

वांकिडीच्या आसपासच्या रानात राजगोंडांची गावे आहेत. त्यांच्या कुळांच्या कथा गाण्याचे काम परधानांचे. हाती किकरी घेऊन परधान देवाच्या जत्रेत बसला म्हणजे कुळाच्या मूळपुरुषापासून आरंभ करतो आणि रात्र संपते तेव्हा कथा संपते, कधी तीही अपुरी राहते. १९४० साली जोडेघाटला कोमरम भीम मारला गेल्यावर निजाम सरकारने हायमेनडॉर्फ ह्या मानववंशशास्त्रज्ञाला ह्या भागात धाडले. त्याने मारलवाईस राहून ह्या कथा कागदावर उतरवून घेतल्या, आणि १९४८ साली त्यांचे पुस्तक झाले. शब्द राहिले. ज्या वर्षांत मुंबईत जोशी तीन मिनिटांच्या मापात ख्याल बसवीत होते, त्याच वर्षांत येथे अख्ख्या रात्रीच्या मापाचे गाणे चालू होते. कंपनीच्या मालाची गिऱ्हाइके शहरात, आणि शोधकाचे पाय गिऱ्हाइकाच्या दिशेने वळतात; तो रुळ सोडून आसिफाबादेच्या रानात कशाला शिरेल? गुस्साडी नृत्याचे कनकराजू यांना २०२१ साली पद्मश्री मिळाली तेव्हा दूरदर्शनचे कॅमेरे मारलवाईस आले. किकरीवर रात्रभर गाणाऱ्यांपैकी ज्यांनी हायमेनडॉर्फला कथा सांगितल्या, त्यांना जाऊन बरीच वर्षे झाली आहेत.

आमच्या घरची ती तडा गेलेली तबकडी मी अजून वर्षातून एकदा लावतो. तड्यापाशी सुई खट्‌ करते, आणि पुढल्या फेरीला जोशी पुन्हा गाऊ लागतात.